फॉरमॅट मारण्याआधी

डी ड्राइव्ह उघडायला गेलात आणि पडद्यावर चौकट आली: ही डिस्क वापरायची तर आधी फॉरमॅट करावी लागेल, करायची का? खाली दोन बटणे असतात, ‘फॉरमॅट डिस्क’ आणि ‘कॅन्सल’. कॅन्सल दाबा. पुढे काय करायचे ते सुचत नसले तरी एवढे करा. त्या क्षणी तुमचे फोटो, दुकानाचे हिशेब, मुलांचे प्रकल्प बहुतेक वेळा डिस्कवर जसेच्या तसे असतात. ते कुठे ठेवले आहेत हे तेवढे विंडोजला वाचता येत नसते.

परभणी जिल्ह्यात हे जरा जास्तच जपून करावे लागते. हार्ड डिस्क उघडून आतला डेटा काढणाऱ्या, धूळ येऊ न देणारी खोली असलेल्या लॅब पुण्या-मुंबईला, हैदराबादला आहेत. जिंतूर, सोनपेठ, पालमच्या माणसाला पहिला आधार गावातल्या कॉम्प्युटरवाल्याचा, आणि तिथे पहिला उपाय बहुतेकदा विंडोज मारण्याचा निघतो. पीसी सुरू करून देणे हे त्याचे काम, ते तो करतो. डेटा वाचवणे हे वेगळे काम आहे आणि ते त्याला वेगळे सांगावे लागते. न सांगता पीसी दुकानात ठेवून आलात तर तासाभरात विंडोज झकास चालू झालेले असते आणि डी ड्राइव्ह रिकामा मिळतो. म्हणून माझा सारा भर क्रमावर आहे. आधी बिघाड ओळखा, मग डेटा दुसऱ्या डिस्कवर काढा, आणि दुरुस्तीला त्यानंतरच हात घाला.

बिघाड नेमका कुठे?

‘डिस्क एरर’ म्हणून जे येते ते दर वेळी डिस्कचे दुखणे नसते. डेस्कटॉपमध्ये साटा केबल सैल झाली, पॉवरची पिन काळी पडली, तरी डिस्क मधूनच गायब होते आणि मधूनच परत येते. पीसी बंद करा, बोर्डावरची कळ बंद करा, डबा उघडा, दोन्ही केबल काढून पुन्हा घट्ट बसवा, जमल्यास साटा केबल बदलून पाहा. एवढ्यावर कितीतरी ‘उडालेल्या’ डिस्क पुन्हा चालू लागतात. बाहेरून जोडायच्या डिस्कसाठी हेच यूएसबी केबल आणि पोर्ट बदलून करा; डेस्कटॉप असेल तर पुढच्या पॅनलवरचे पोर्ट टाळून डब्याच्या मागचे वापरा.

केबल ठीक असेल तर कान द्या. डिस्क ‘टक्… टक्… टक्’ असा ठरावीक आवाज करत असेल, किंवा फिरायला लागून परत थांबत असेल, तर बहुतेकदा डेटा वाचणारा आतला हेड बिघडलेला असतो. अशा वेळी पीसी ताबडतोब बंद करा. कोणतेही सॉफ्टवेअर इथे कामाचे नाही. चालू ठेवलेल्या प्रत्येक मिनिटाला हेड तबकडीवर ओरखडे पाडू शकतो, आणि ओरखडा पडलेल्या जागेचा डेटा कुठल्याच लॅबमधून परत येत नाही. डिस्क फ्रीजमध्ये ठेवण्याचा किंवा हळूच आपटण्याचा सल्ला कोणी दिला तर ऐकू नका. फ्रीजमधून काढलेल्या डिस्कवर आपल्याकडच्या हवेत लगेच दव धरते. दुकानात स्क्रू काढून डिस्क उघडू देऊ नका. हेड तबकडीपासून काही नॅनोमीटरवर तरंगत असतो, आणि आपल्या काळ्या मातीच्या धुळीचा एक कणही त्याच्यापुढे डोंगराएवढा ठरतो.

आवाज नसेल तर स्टार्ट बटणावर उजवी क्लिक करून ‘डिस्क मॅनेजमेंट’ उघडा आणि फक्त पाहा, कशालाही हात लावू नका. डिस्क तिथे आहे, ड्राइव्हचे अक्षरही आहे, पण प्रकार ‘रॉ’ लिहिला आहे, तर फाइल सिस्टिम बिघडली आहे. जिथे डी होता तिथे काळी पट्टी आणि ‘अनअलोकेटेड’ असे दिसते, तर पार्टिशनची नोंद गेली आहे. ‘नॉट इनिशियलाइज्ड’ येते आणि एमबीआर की जीपीटी असे विचारले जाते, तर ती चौकट बंद करा. जुना डेटा असलेल्या डिस्कवर तिथे ओके म्हणायचे नसते. आणि डिस्क इथेही नाही, बायोसमध्येही नाही, तर ती घरी सुटणारी गोष्ट राहिलेली नाही.

यादीतले चार आकडे

डिस्कची तब्येत पाहायला क्रिस्टलडिस्कइन्फो हे मोफत सॉफ्टवेअर पुरेसे आहे. उघडल्यावर डावीकडे चौकटीत एका शब्दात निकाल येतो, गुड, कॉशन किंवा बॅड, आणि त्याखाली तापमान. त्या एका शब्दावर थांबू नका. खाली लांब यादी असते, तिच्या शेवटच्या रकान्यातले आकडे सुरुवातीला हेक्स पद्धतीत असतात, म्हणजे १० दिसले तर खरे १६ असतात. वरच्या फंक्शन मेनूत अ‍ॅडव्हान्स्ड फीचर, त्यात रॉ व्हॅल्यूज, आणि तिथे १० डेक निवडले की नेहमीचे आकडे दिसू लागतात.

हार्ड डिस्कच्या यादीत चार ओळी शोधा. ०५ या ओळीत, खराब ठरवून राखीव जागेत हलवलेल्या सेक्टरांची संख्या असते. सी५ मध्ये, वाचता आले नाहीत पण ज्यांचा निकाल अजून लागलेला नाही असे सेक्टर. सी६ मध्ये, प्रयत्न करूनही न वाचलेले. सी७ मात्र डिस्कचे दुखणे सांगत नाही. डिस्क आणि मदरबोर्ड यांच्यामध्ये डेटा जाताना किती वेळा गडबड झाली याची ती मोजणी असते, म्हणजे संशय केबलवर. सी७ चा आकडा कधी कमी होत नाही, तेव्हा केबल बदलल्यावर तो वाढायचा थांबला का एवढेच पाहायचे.

माझे मत स्पष्ट आहे. ०५ मध्ये चार-पाच सेक्टर असतील आणि महिनोन्‌महिने तेवढेच राहत असतील, तर ती डिस्क सिनेमे ठेवायला वापरा. सी५ शून्याच्या वर गेला असेल तर महत्त्वाचे सारे आजच दुसरीकडे काढा, उद्यावर टाकू नका. दोन्ही आकडे आठवड्या-आठवड्याला वाढत असतील तर ती डिस्क जाणार हे धरून चाला, मग निकालात ‘गुड’ लिहिलेले असले तरी.

विंडोजच्या इव्हेंट व्ह्यूअरमधूनही दुजोरा मिळतो. ‘सिस्टिम’ नोंदींत डिस्क या नावाने क्रमांक ७ ची नोंद खराब सेक्टरची असते, १५३ म्हणजे वाचण्या-लिहिण्याचा प्रयत्न पुन्हा करावा लागला, आणि एनटीएफएसच्या नावाने ५५ आली तर फाइल सिस्टिमची रचना बिघडली.

ऊन आणि लाइट

या दोन गोष्टींवर थोडे थांबतो, कारण आपल्याकडची बरीच दुखणी इथूनच सुरू होतात.

एप्रिल-मेमध्ये परभणीचा पारा ४४-४५ अंशांवर जातो. कृषी विद्यापीठातली नोंद आपण रोज पेपरात वाचतो. पत्र्याच्या खोलीत, भिंतीला टेकवलेल्या आणि आत धुळीचा थर बसलेल्या डब्यात त्याहून कितीतरी जास्त असते. बहुतेक हार्ड डिस्कची कंपनीने सांगितलेली मर्यादा ६० अंशांची. क्रिस्टलडिस्कइन्फोमध्ये दुपारी तापमान सतत ५० च्या पुढे दिसत असेल तर डब्याचे एका बाजूचे झाकण काढून धूळ झाडा, भिंतीपासून वीतभर पुढे ओढा, आणि मोठी कॉपी किंवा तपासणी रात्री नाहीतर पहाटे लावा. कूलरसमोर पीसी ठेवू नका. हवा गार लागते खरी, पण ती ओली असते, आणि पिनांवर गंज चढायला तेवढे पुरते.

लाइटचे तर सगळ्यांना ठाऊक आहे. डिस्कवर लिहिणे चालू असताना लाइट गेली की फाइल सिस्टिमची नोंद अर्धवट राहते. विंडोजची एनटीएफएस पद्धत आपल्या कामाची रोजनिशी ठेवते, त्यामुळे पुढच्या वेळी ती बहुतेकदा सावरते. पेनड्राइव्हवरच्या फॅट३२ आणि एक्सफॅट पद्धतींना अशी रोजनिशी नसते, म्हणून पेनड्राइव्ह लवकर ‘रॉ’ होतात. ‘सेफली रिमूव्ह’ करूनच काढा हा सल्ला त्यासाठीच.

घरी इन्व्हर्टर आहे तरी लाइट जाताच पीसी रिस्टार्ट होतो, ही तक्रार घरोघरी असते. बहुतेक घरगुती इन्व्हर्टरवर यूपीएस मोडची एक छोटी कळ असते. ती साध्या मोडवर असेल तर बॅटरीवर जायला जास्त वेळ लागतो. पंख्याला ते कळत नाही, पीसी मात्र तेवढ्यात पडतो. कळ यूपीएस मोडवर टाका. तरीही पडत असेल तर पीसीला वेगळा छोटा यूपीएस लावा. त्याची बॅटरी दहा मिनिटे टिकली तरी चालेल, नीट शटडाउन करायला तेवढी पुरते.

आधी डेटा बाहेर

डिस्क दिसते आहे, फोल्डर उघडत आहेत, पण सारे फार हळू चालले आहे, अशा अवस्थेत लोक सबंध डी ड्राइव्ह उचलून कॉपीला लावतात. एका खराब फाइलपाशी कॉपी अडते आणि डिस्क तासन्‌तास तिथेच धडपडत राहते. त्याऐवजी जे पुन्हा मिळणार नाही ते आधी काढा. सातबारा, आठ-अ ऑनलाइन पुन्हा निघतात. दहावी-बारावीच्या गुणपत्रिका डिजिलॉकरमध्ये मिळू शकतात. सिनेमे तर कुठेही मिळतील. घरचे फोटो, टॅलीचा डेटा, लग्नपत्रिकांच्या डीटीपी फायली, आजोबांच्या आवाजातले रेकॉर्डिंग हे दुसरीकडे कुठेच नसते. ते फोल्डर एकेक करून काढा. मोठा व्हिडिओ पेनड्राइव्हवर जागा असूनही जात नसेल तर तो पेनड्राइव्ह फॅट३२ असतो. त्यावर ४ जीबीच्या वरची फाइल बसत नाही. पेनड्राइव्ह रिकामा असेल तर त्याला एक्सफॅटमध्ये फॉरमॅट करून घ्या.

सी५, सी६ चे आकडे मोठे असतील तर फोल्डर कॉपी करण्यापेक्षा आख्ख्या डिस्कची प्रतिमा काढणे बरे. त्यासाठी लिनक्सवरचे डीडीरेस्क्यू हे मोफत साधन आहे. ते आधी सहज वाचता येणारा भाग पटापट उचलते, अडलेल्या जागा बाजूला ठेवते आणि शेवटी त्यांच्याकडे परत येते. काय झाले, काय राहिले याची नोंद ते एका फायलीत ठेवते. सुरू करतानाच त्या फायलीचे नाव दिले असेल तर मध्येच लाइट गेली तरी जिथे थांबले तिथून पुढे सुरू होते. हे वापरताना कोणती डिस्क जुनी आणि कोणती नवी हे उलटे लिहिले गेले तर जुन्याच डिस्कवर रिकामा डेटा चढेल. स्वतःवर भरवसा नसेल तर लिनक्स येणाऱ्या माणसाला शेजारी बसवा. पुढची सारी खटपट त्या प्रतिमेवर करायची, मूळ डिस्क काढून कपाटात ठेवायची.

चेकडिस्क कधी?

फाइल सिस्टिम बिघडली की सगळे ‘चेकडिस्क मार’ म्हणतात. चेकडिस्क चांगले साधन आहे, पण त्याचे काम फाइल सिस्टिम सुसंगत करणे हे आहे. तुमची फाइल वाचली की नाही याच्याशी त्याला देणेघेणे नसते. ज्या तुकड्यांचा मालक सापडत नाही ते ‘फाउंड’ नावाच्या लपलेल्या फोल्डरमध्ये निनावी फायली म्हणून टाकले जातात. डिस्क मुळात निरोगी असेल, म्हणजे वरचे आकडे शून्य असतील, आणि डेटाची प्रत काढून झाली असेल, तर खुशाल चालवा. ड्राइव्हवर उजवी क्लिक, प्रॉपर्टीज, टूल्स, चेक. आधी नुसते स्कॅन होते. गरज असेल तर विंडोज दुरुस्तीचे विचारते.

आजारी डिस्कवर मात्र चेकडिस्क नको. त्यातही प्रत्येक सेक्टर वाचणारा, आर अक्षराचा पर्याय तर नकोच. तो मोठ्या डिस्कवर अर्धा-अर्धा दिवस चालतो, आणि जाणाऱ्या डिस्कला नेमका तोच ताण सोसत नाही. मध्येच लाइट गेली तर दुरुस्ती अर्धवट राहते ती वेगळीच.

पार्टिशन गेले तर

पार्टिशन गेले म्हणजे सातबाऱ्यावरची नोंद फाटली. शेत जागेवरच असते. डिस्कच्या सुरुवातीच्या छोट्या तक्त्यात कोणते पार्टिशन कुठून कुठपर्यंत एवढेच लिहिलेले असते, आणि तेवढाच तक्ता बिघडलेला असतो. जुन्या एमबीआर पद्धतीत हा तक्ता एकाच जागी असतो, चार मुख्य पार्टिशनांपुरता, आणि २ टीबीच्या पुढे त्याला मोजता येत नाही. नव्या जीपीटी पद्धतीत त्याची दुसरी प्रत डिस्कच्या शेवटी ठेवलेली असते, म्हणून ती अधिक भरवशाची.

तक्ता परत बांधायला टेस्टडिस्क हे मोफत साधन आहे. रूप जुन्या काळचे, काळ्या पडद्यावरचे, पण घाबरण्यासारखे काही नाही. डिस्क निवडा, तक्त्याचा जो प्रकार ते स्वतः सुचवते तोच ठेवा, ‘अ‍ॅनलाइज’ आणि मग ‘क्विक सर्च’ करा. सापडलेल्या पार्टिशनांची यादी येते. एखाद्यावर उभे राहून पी दाबा. आतल्या फायली नावानिशी दिसल्या तर ते खरे पार्टिशन. तिथूनच फायली दुसऱ्या डिस्कवर कॉपी करता येतात, आणि मी सांगेन की आधी तेच करा. ‘राइट’ म्हणजे तक्ता लिहिणे त्यानंतर. यादीत काही ओळखीचे दिसत नसेल तर काहीही न लिहिता बाहेर पडा. तोवर डिस्कवर कसलाही बदल झालेला नसतो.

टेस्टडिस्कबरोबर फोटोरेकही येते. ते फोटो, व्हिडिओ, वर्ड-एक्सेलच्या फायली त्यांच्या अंतर्गत खुणांवरून शोधते, पण नावे आणि फोल्डर परत देत नाही. हजारो फोटो आकड्यांच्या नावांनी समोर येतात आणि ते निवडत बसावे लागते, तरी काहीच न मिळण्यापेक्षा हे परवडले. सापडलेला डेटा त्याच डिस्कवर कधीही साठवू नका. रिकव्हरीचे सॉफ्टवेअरही त्या डिस्कवर इन्स्टॉल करायचे नसते.

एसएसडीवर हे गणित बदलते. फाइल पुसली किंवा फॉरमॅट झाले की विंडोज एसएसडीला ट्रिमची सूचना पाठवते आणि एसएसडी ती जागा आतून साफ करून टाकते. हार्ड डिस्कवर पुसलेले कित्येक महिन्यांनी मिळाल्याची उदाहरणे आहेत. एसएसडीवर काही मिनिटांतही जाऊ शकते. चुकून पुसले गेले तर पीसी लगेच बंद करा, आणि आशा मर्यादित ठेवा.

सी ड्राइव्ह भरला, वाढेना

ही तक्रार बिघाडाची नाही, पण यातूनच लोक बिघाड करून घेतात. सी लाल झाला, डी रिकामा आहे, म्हणून डीमधून जागा काढली, तरी सीवर ‘एक्स्टेंड व्हॉल्यूम’ फिकेच राहते. कारण सीला लागून उजवीकडे मोकळी जागा असेल तरच तो वाढतो, आणि डी छोटा केला की जागा डीच्या शेवटी सुटते. मधे कधी कधी रिकव्हरी पार्टिशनही बसलेले असते. फुकटच्या सॉफ्टवेअरने पार्टिशन सरकवताना शेकडो जीबी डेटा जागचा हलतो, आणि नेमकी तेव्हाच लाइट जाते. माझ्या मते घरच्या पीसीवर त्याची गरज नाही. डाउनलोड्स, पिक्चर्स, व्हिडिओज या फोल्डरांच्या प्रॉपर्टीजमध्ये लोकेशनचा टॅब असतो. तिथून ते डीवर हलवा. सेटिंग्जमध्ये स्टोरेजमधून तात्पुरत्या फायली काढा. बहुतेकांचे काम एवढ्यात होते.

१ टीबीची डिस्क ९३१ जीबी दिसते म्हणून दुकानदाराशी भांडू नका. कंपनी हजाराने मोजते, विंडोज १०२४ ने. सुरुवातीचे १०० एमबीच्या आसपासचे ईएफआय पार्टिशन ‘बिनकामाचे’ म्हणून पुसू नका. त्याच्याविना विंडोज सुरूच होत नाही.

दुकानात पीसी देताना

विंडोज १० चा सपोर्ट १४ ऑक्टोबर २०२५ ला संपला. बरेच जण विंडोज ११ मारून घेत आहेत, सोबत एसएसडी बसवून घेत आहेत. पीसी देताना कोणता ड्राइव्ह पुसायचा आणि कोणत्याला हात लावायचा नाही हे कागदावर लिहून द्या. दोन डिस्क असतील तर विंडोज चढवताना डेटाच्या डिस्कची केबल काढून ठेवायला सांगा.

नव्या लॅपटॉपवर आणखी एक गोष्ट आजच पाहून घ्या. विंडोज ११ असलेल्या पुष्कळ लॅपटॉपमध्ये मायक्रोसॉफ्ट खात्याने लॉगिन केले की डिस्क आपोआप एन्क्रिप्ट होते, आणि तिची ४८ आकड्यांची रिकव्हरी की त्याच खात्यात साठते. लॅपटॉप घेताना खाते कोणी उघडले होते? दुकानातल्या मुलाने स्वतःच्या ईमेलने उघडून दिले असेल तर तुमच्या डेटाची किल्ली त्याच्या खात्यात आहे. डिस्क काढून दुसऱ्या पीसीला लावलीत किंवा मदरबोर्ड बदललात की ही की विचारली जाते, आणि ती नसेल तर लॅबही काही करू शकत नाही. सेटिंग्जमध्ये ‘डिव्हाइस एन्क्रिप्शन’ चालू आहे का ते बघा. असेल तर की छापून घरच्या कागदपत्रांत ठेवा.

सेतू किंवा सीएससी केंद्र चालवणाऱ्यांच्या डिस्कवर तर गावभराच्या आधार, पासबुकाच्या स्कॅन प्रती असतात. खराब डिस्क वॉरंटीत दिली की कंपनी बदलून देते, पण जुनी परत मिळत नाही, आतला डेटाही तिच्याबरोबर जातो. अशी डिस्क देण्यापूर्वी दोनदा विचार करा. वॉरंटी सोडून ती स्वतःजवळ ठेवणे पुष्कळदा शहाणपणाचे असते. आणि जुलैत पीकविम्याची गर्दी सुरू होण्याआधी कामाच्या फोल्डरांची प्रत बाहेरच्या डिस्कवर काढून ती केंद्राबाहेर, घरी ठेवा.

लॅबकडे जाण्याची वेळ आलीच तर फोनवर आधी हे विचारा: मूळ डिस्कचा क्लोन काढून त्यावर काम करता का, तपासणीचे किती, डेटा मिळाला नाही तर किती, आणि खर्च तपासणीनंतर लेखी कळवाल ना. पाठवायची असेल तर डिस्क आधी स्थिर वीज न धरणाऱ्या पिशवीत, मग बोटभर जाड फोममध्ये चारी बाजूंनी घट्ट, मग खोक्यात. डिस्क कशी बिघडली, आवाज कसा येत होता, घरी काय काय करून पाहिले, हे खरे खरे एका कागदावर लिहून आत ठेवा. शक्य असेल तर कुरिअरपेक्षा कोणी रेल्वेने जाणार असेल त्याच्या हाती द्या, सीटखालच्या बॅगेत टाकायला नाही, मांडीवर धरून न्यायला.